पुस्तकातले पेट्रोल

'टायमिंग' हा इंग्रजी शब्द मराठीत दोन ठिकाणी अगदी घरचा होऊन बसला आहे. एक नाटकाच्या तालमीत, दुसरे गॅरेजमध्ये. तालमीत दिग्दर्शक नटाला सांगतो, वाक्य बरोबर आहे, पण टायमिंग जमत नाही. गॅरेजमध्ये मिस्त्री बॉनेटखाली डोके घालून म्हणतो, "टायमिंग सरकलंय." दोघांच्याही म्हणण्याचा रोख एकच असतो. जे घडायचे ते घडते आहे, पण जिथे घडायला हवे त्याच्या किंचित अलीकडे किंवा पलीकडे. या शब्दाला मराठी प्रतिशब्द शोधण्याचा खेळ मी वर्गात एकदा मुलांबरोबर खेळले होते. वेळ, समय, संधी, मुहूर्त असे सगळे फळ्यावर लिहून झाले आणि एकेक खोडून झाले. मुहूर्त म्हणजे 48 मिनिटे; तेवढ्यात अंबाजोगाईहून केज गाठता येते. आपल्या परंपरेत निमिषासारखी, त्रुटीसारखी बारीक मापे आहेत खरी, पण इंजिनाच्या दुनियेत निमिषही फार ढोबळ ठरते. पापणी लवायला सेकंदाचा तिसरा हिस्सा लागतो असे धरले, तर मिनिटाला 3000 फेरे घेणारे इंजिन तेवढ्यात सोळा-सतरा वेळा फिरलेले असते आणि त्याच्या चार सिलिंडरांत मिळून तेहतीस ठिणग्या पडून गेलेल्या असतात. त्या तेहतीसांतली प्रत्येक ठिणगी आपापल्या जागी पडली पाहिजे. ती कुठे पडावी हे ठरवण्याला टायमिंग म्हणतात, आणि जुन्या गाडीत ते हाताने ठरवावे लागते.

आमच्या घरी 1986 सालची प्रीमियर पद्मिनी आहे. वडिलांनी, म्हणजे अण्णांनी, ती 1991 मध्ये लातूरच्या एका डॉक्टरांकडून जुनीच घेतली. अण्णा अंबाजोगाईला वकिली करत. माजलगाव, धारूर, केज, कधी बीड अशा तारखा असत, आणि बीड शहराला रेल्वे मिळाली ती थेट 17 सप्टेंबर 2025 रोजी. त्याआधीची सगळी वर्षे एसटी, जीप किंवा स्वतःचे वाहन एवढेच पर्याय होते. पद्मिनीचे मूळ इटलीत, फियाट 1100 या गाडीत. सोलापूरच्या वालचंद हिराचंदांनी 1944 मध्ये स्थापन केलेल्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सच्या कुर्ल्याच्या कारखान्यात ती तयार होई. आधी ती 'फियाट 1100 डिलाइट' होती, 1972 मध्ये 'प्रीमियर प्रेसिडेंट' झाली आणि 1974 मध्ये 'पद्मिनी'. खेड्यापाड्यांत मात्र ती शेवटपर्यंत 'फियाट'च राहिली. मुंबईत टॅक्सी म्हणून नोंदलेली शेवटची पद्मिनी ऑक्टोबर 2023 मध्ये रस्त्यावरून उतरली, तेव्हा वर्तमानपत्रांत बरेच हळवे लेखन झाले. मला ते वाचताना जरा गंमत वाटली, कारण त्याच आठवड्यात आमच्या पद्मिनीत बसून आम्ही परळीला एका लग्नाला जाऊन आलो होतो.

या गाडीचे टायमिंग लावण्याचे काम आमच्या घरात कधी बाहेर गेले नाही. बाकी सगळे मिस्त्रीकडे. क्लच, ब्रेक, वेल्डिंग. टायमिंग मात्र अण्णांचे. रविवारी सकाळी बनियन आणि जुनी पँट अशा वेशात ते अंगणात उतरत, आणि शनिवारी न्यायालयात काळा कोट घालून उलटतपासणी घेणारा माणूस हाच का असा प्रश्न पडे. उलटतपासणीचा स्वभाव मात्र तोच असे. इंजिनाला ते प्रश्न विचारत आणि उत्तरासाठी कान लावत.

मूळ रचना सांगायला हवी, नाहीतर पुढचे कळणार नाही. सिलिंडरमध्ये पेट्रोल आणि हवेचे मिश्रण दाबले जाते आणि दट्ट्या वर पोचता पोचता ठिणगी पडून ते पेटते. सामान्य समजूत अशी असते की दट्ट्या अगदी वर पोचला की ठिणगी पडत असेल. तसे केले तर गाडी चालेल, पण रडत चालेल. कारण मिश्रण एका झटक्यात जळत नाही. ज्योत एका टोकाकडून दुसरीकडे पसरायला सेकंदाचे दोनेक हजारांश भाग लागतात. दट्ट्या खाली निघाल्यानंतर लगेचच दाब सर्वांत जास्त असावा, तर तो त्याला जोराने ढकलू शकतो. म्हणून ठिणगी आधी टाकावी लागते. किती आधी, हे क्रँकच्या फेऱ्याच्या अंशांत मोजतात. दहा अंश आधी म्हणजे, इंजिन मिनिटाला 800 फेरे घेत निवांत फिरत असेल तेव्हा साधारण दोन हजारांश सेकंद आधी. आणि तेच इंजिन 3000 फेऱ्यांवर गेले की अर्ध्या हजारांशाहून जरासे जास्त. वेग वाढला की ठिणगीही अधिक आधी पडायला हवी, त्यासाठी डिस्ट्रिब्युटरच्या पोटात स्प्रिंग लावलेली दोन छोटी वजने असतात. ती वेगाबरोबर बाहेर फेकली जातात आणि ठिणगीला पुढे रेटतात. हे त्यांचे ती पाहतात. आपल्याला ठरवायचा असतो तो आरंभबिंदू.

ठिणगी कधी पडते? डिस्ट्रिब्युटरमधले दोन पॉइंट एकमेकांपासून सुटतात, त्या क्षणी. पॉइंट जोडलेले असताना कॉइलमधून वीज वाहते आणि तिच्याभोवती चुंबकीय क्षेत्र साठते. पॉइंट सुटले की ते क्षेत्र कोसळते आणि त्यातून हजारो व्होल्टचा झटका प्लगकडे जातो. ठिणगी जोडण्यातून निघत नाही, तुटण्यातून निघते. (यावर कविता करण्याचा मोह अनेकांना होईल, मी तो आवरते.) पॉइंट सुटल्यावरचे अंतर अर्ध्या मिलिमीटरहूनही थोडे कमी. ते मोजायला फिलर गेज नावाच्या पोलादी पट्ट्या मिळतात, पण आमच्याकडच्या गॅरेजांत हॅक्सॉ ब्लेडच्या तुकड्यावर किंवा लग्नपत्रिकेच्या जाड कागदावर वर्षानुवर्षे काम भागत आले आहे.

आधी हे अंतर लावायचे, मगच टायमिंग, कारण अंतर बदलले की पॉइंट सुटण्याची वेळही बदलते. मग चारही प्लग काढायचे, म्हणजे इंजिन हलके फिरते. गाडी चौथ्या गिअरमध्ये टाकून अंगणात मागून हळूहळू ढकलायची. पहिल्या सिलिंडरच्या प्लगच्या भोकावर अंगठा धरायचा. आतून हवा अंगठ्याला ढकलू लागली की तो सिलिंडर दाबाच्या फेरीत आहे. त्यानंतर क्रँकच्या पुलीवरची खूण इंजिनाच्या पुढच्या झाकणावरील खुणेशी आणायची. आता डिस्ट्रिब्युटरचा बोल्ट सैल करायचा, बारा व्होल्टच्या बल्बची एक वायर कॉइलकडून येणाऱ्या बारीक वायरीच्या जोडाला आणि दुसरी इंजिनाच्या लोखंडाला लावायची, चावी फिरवायची, आणि डिस्ट्रिब्युटर हाताने अगदी सावकाश फिरवायचा. बल्ब लागला की त्या जागी पॉइंट सुटले. तिथेच बोल्ट आवळायचा. आतला रोटर ज्या दिशेने फिरतो तिच्या उलट दिशेला डिस्ट्रिब्युटर फिरवला तर टायमिंग पुढे जाते, त्याच दिशेला फिरवला तर मागे. डिस्ट्रिब्युटर क्रँकच्या निम्म्या वेगाने फिरत असल्याने तिथला एक अंश म्हणजे क्रँकवरचे दोन. म्हणून हात हलका हवा.

बल्बचा हा भाग मी कॉलेजात असताना शिकले. अण्णांना तो बालिश वाटे. "ही सुरुवात झाली," ते म्हणत, "निकाल घाटात लागतो." माजलगावच्या न्यायालयातून परतताना तेलगाव सोडले की धारूरचा घाट लागतो. अरुंद रस्ता, एका बाजूला दरी, वळणावर समोरून उसाचा ट्रॅक्टर आला की एकाने मागे सरकायचे. त्या चढावर अण्णा तिसऱ्या गिअरमध्ये ॲक्सिलरेटर दाबून धरत आणि काच खाली करून ऐकत. टायमिंग फार पुढे असेल तर इंजिनातून एक आवाज येतो. इंग्रजीत त्याला नॉकिंग म्हणतात, म्हणजे ठोठावणे. आमच्याकडे सगळे म्हणत, लाह्या फुटतात. तापलेल्या खापरात ज्वारीच्या लाह्या फुटू लागतात तेव्हा आधी एखादीच फुटते, मग दोन, मग सरबत्ती. शब्द इंग्रजीपेक्षा नेमका आहे, असे माझे मत आहे, कारण ठोठावण्यात एक लय असते आणि या आवाजात ती नसते. सिलिंडरमध्ये ज्योत पोचण्याआधीच कोपऱ्यातले मिश्रण दाबाने आणि उष्णतेने आपोआप स्फोट पावते, त्याचा तो आवाज. फार काळ चालला तर दट्ट्याला भोक पडू शकते. अण्णांचा नियम असा की घाटाच्या सर्वांत कठीण वळणावर एखाददुसरी लाही फुटावी, आणि पाय जरा उचलताच थांबावी. एकही फुटली नाही तर टायमिंग मागे आहे. सरबत्ती झाली तर पुढे. घरी येऊन ते बोल्ट सैल करत आणि डिस्ट्रिब्युटरला नखाएवढा धक्का देत. इंजिनाच्या त्रासाचा अगदी पहिला शब्द ऐकून तिथून एक पाऊल मागे येणे, अशी ही पद्धत होती. जगभरचे जुने कारागीर थोड्याफार फरकाने हेच करत आले.

गाडीबरोबर आलेले इंग्रजी मार्गदर्शक पुस्तक अण्णांनी वर्तमानपत्राचे वेष्टन घालून जपले आहे. त्यात टायमिंगचा आकडा छापलेला आहे. त्या आकड्याच्या समासात पेन्सिलीने अण्णांच्या बारीक अक्षरात नोंदी आहेत. '1991, पुस्तकाप्रमाणे, घाटात ठीक.' '2000, शिसे बंद. थोडे मागे.' '2011, पुन्हा पुस्तकावर.' लहानपणापासून मी हे पान पाहत आले, पण त्या नोंदी म्हणजे केवळ सर्व्हिसिंगची टिपणे नाहीत हे माझ्या ध्यानात उशिरा आले. तो पेट्रोलचा इतिहास आहे.

पॉइंट आणि कॉइलची ही रचना अमेरिकेत चार्ल्स केटरिंग यांनी 1910 च्या सुमारास सिद्ध केली. पुढे जनरल मोटर्समध्ये त्यांच्याच हाताखाली थॉमस मिजली हे संशोधक नॉकिंगवर औषध शोधत होते. 1921 च्या डिसेंबरात त्यांना ते शिशाच्या एका संयुगात सापडले. चिमूटभर घातले की लाह्या थांबत. शिसे विषारी आहे हे तेव्हाही ठाऊक होते, तरी जगाने ते जवळपास शतकभर जाळले आणि हवेत सोडले. भारतात 1 एप्रिल 1995 पासून चार महानगरांत शिसेविरहित पेट्रोल मिळू लागले आणि 1 फेब्रुवारी 2000 पासून देशभर शिसे बंद झाले. अण्णांची दुसरी नोंद त्या वर्षीची आहे. यात एक उपकथा आहे, आणि ती मला फार बोलकी वाटते. मिजली आणि केटरिंग यांना नॉकिंगवरचा आणखी एक उपाय माहीत होता. तो म्हणजे पेट्रोलमध्ये अल्कोहोल मिसळणे. तो मागे पडला आणि शिसे पुढे आले. अल्कोहोलला पुन्हा पंपावर यायला कित्येक दशके लागली.

ते आले आमच्या बाजूने. बीड जिल्हा म्हटले की ऊसतोड कामगार आठवतात. दसरा उलटला की आमच्या रस्त्यांवरून बिऱ्हाडे भरलेल्या ट्रॉल्या ओढत ट्रॅक्टर पश्चिमेकडे निघतात. नवरा-बायकोच्या जोडीला मिळून 'एक कोयता' म्हणतात, माणसे मोजण्याचे ते माप आहे. त्या उसाची साखर होते, मळी होते, आणि रसापासून वा मळीपासून इथेनॉल. 2023 च्या फेब्रुवारीत देशात 20 टक्के इथेनॉलचे पेट्रोल विक्रीला आले आणि 2025 पर्यंत ते बहुतेक पंपांवर नेहमीचे पेट्रोल म्हणून मिळू लागले. सगळे इथेनॉल उसाचे नसते. मक्याचा वाटा आता मोठा आहे. पण आमच्या गाडीच्या टाकीत पडणाऱ्या प्रत्येक पाच लिटरांतले एक लिटर कुठल्यातरी शेतातून आलेले असते, आणि त्यात एखाद्या कोयत्याची पहाट असण्याची शक्यता आमच्या जिल्ह्यात इतरांहून जास्त आहे. पूर्वी धारूरच्या घाटात आम्ही उसाच्या ट्रॅक्टरसाठी मागे सरकत होतो. आता आमचीही गाडी काही अंशी उसावरच चढते.

या पेट्रोलने दोन गोष्टी केल्या. इथेनॉलच्या रेणूत स्वतःचा ऑक्सिजन असतो. नव्या गाडीचा संगणक ते ओळखून पेट्रोल वाढवतो. पद्मिनीच्या कार्ब्युरेटरला डोके नाही, भोके आहेत, आणि ती जुन्या पेट्रोलच्या मापाने पाडलेली. परिणामी मिश्रण पातळ होते. प्लग काढून पाहिला की त्याचे टोक चहाच्या रंगाऐवजी पांढरट दिसते. दुसरे असे की ऑक्टेन वाढले. नॉकिंगला पेट्रोल किती विरोध करते याचे ऑक्टेन हे माप. भारत स्टेज-2 च्या काळात आपल्याकडे साधे पेट्रोल 88 ऑक्टेनचे होते, मग 91 चे झाले, आणि 20 टक्के इथेनॉल मिसळल्यावर ते 95 पर्यंत गेले. नीती आयोगाच्या 2021 च्या अहवालात, मुळात शुद्ध पेट्रोलसाठी बनलेल्या आणि 10 टक्के मिश्रणासाठी जुळवलेल्या चारचाकी गाड्यांचे मायलेज नव्या पेट्रोलवर 6 ते 7 टक्क्यांनी घटेल असा अंदाज होता. आमच्या पद्मिनीला तर कोणी कधी कशासाठी जुळवले नव्हते, अण्णा सोडून.

आणि अण्णांना आता ऐकू येत नाही. वय 81. कानयंत्र आहे; त्यातून बोलणे समजते, पण घाटातल्या वाऱ्यातून, इंजिनाच्या घरघरीतून एक लाही वेगळी काढणे त्याला जमत नाही. यंत्र सगळेच मोठे करते. गाडीची नोंदणी 2026 मध्ये संपत होती. पंधरा वर्षांनंतर दर पाच वर्षांनी नूतनीकरण लागते, आणि ऑगस्ट 2025 च्या अधिसूचनेनंतर वीस वर्षांहून जुन्या मोटारीसाठी त्याचे शुल्क दहा हजार रुपये झाले आहे. धाकट्या भावाचा पुण्याहून फोन आला, "ताई, दहा हजार भरून पुन्हा पाच वर्षं? भंगारात दे, निदान प्रमाणपत्र तरी मिळेल." त्याचे म्हणणे व्यवहाराचे होते. गाडी सकाळी सुरू व्हायला कुरकुर करत होती, चढावर दम खात होती, आणि असल्या गाडीला तपासणीसाठी नेण्यात अर्थ नव्हता. अण्णांनी एवढेच म्हटले, "आधी टायमिंग बघ. मग ठरवू."

मी पुस्तकातल्या आकड्यावर बल्बने टायमिंग लावले. अचूक लावले. गाडी तशीच मंद. अण्णा खुर्चीत बसून पाहत होते. त्यांनी पुस्तक मागून घेतले, तो आकडा बोटाने दाखवला आणि, ऐकू न येणारी माणसे बोलतात तसे मोठ्याने म्हणाले, "हे आकडे ज्या पेट्रोलसाठी छापलेत ते पेट्रोल आता मिळतं कुठं?"

मग कानाची पद्धत. मी टायमिंग थोडे पुढे केले, काच खाली करून चढावर गेले आणि ऐकत राहिले. लाही फुटली नाही. आणखी पुढे केले. नाही फुटली. इथे मला या सगळ्या प्रकरणातला खरा पेच दिसला, आणि तो कुठल्या पुस्तकात वाचण्याआधी अंगणात दिसला याचे मला बरे वाटते. पद्मिनीच्या इंजिनात मिश्रण आजच्या गाड्यांच्या मानाने बेताचेच दाबले जाते. 95 ऑक्टेनचे पेट्रोल त्या दाबाला दाद देत नाही. जुन्या पेट्रोलवर नॉकिंगची सीमा आधी येई आणि सर्वांत जास्त ताकदीची जागा तिच्या जवळपास असे. म्हणून आवाज ऐकून मागे येणे पुरत असे. नव्या पेट्रोलवर ताकदीची जागा आधी येते आणि नॉकिंग फार पलीकडे राहते. आवाजाची वाट पाहत पुढे पुढे गेले तर ताकदीची जागा मागे टाकून आपण कधी निघून गेलो ते कळणारच नाही. इंजिन तक्रार न करता तापत राहील. म्हणजे पुस्तक जसे एका विशिष्ट पेट्रोलसाठी लिहिले होते, तसाच अण्णांचा कानही एका विशिष्ट पेट्रोलवर घडला होता. आपण अनुभवाला पुस्तकापेक्षा टिकाऊ मानतो, त्यात थोडी गफलत आहे. तो तीस वर्षांचा कान मला जसाच्या तसा मिळाला असता, तरी या वर्षी त्याने मला फसवलेच असते.

आजच्या गाड्यांत इंजिनाच्या अंगावरच एक छोटा सेन्सर बसवलेला असतो. त्यातला स्फटिक नॉकिंगची थरथर टिपतो आणि संगणक ठिणगी क्षणात मागे घेतो. कान नाहीसा झाला नाही, बॉनेटखाली गेला. पण त्या संगणकाजवळ ताकदीच्या जागेचाही नकाशा असतो, कारखान्यात मोजून भरलेला. तो नकाशा आम्हाला आमच्यापुरता काढायचा होता. जुन्या गाड्यांना बसणारी इलेक्ट्रॉनिक इग्निशन मिळते, तिने पॉइंट घासण्याचे काम वाचते. ठिणगी कुठे पडावी हे मात्र तिलाही कोणीतरी सांगावेच लागते.

मी दोऱ्याने पुलीचा घेर मोजला आणि 360 ने भागले. एक अंश म्हणजे सव्वा मिलिमीटरच्या आतबाहेर. मूळ खुणेपासून दोन-दोन अंशांवर लाल नेलपॉलिशच्या चार बारीक रेघा ओढल्या. गावाबाहेर एक लांब, सरळ, एकसारखा चढ आहे. सकाळी सहाला तिथे रहदारी नसते. नियम असा ठरला की गाडी चौथ्या गिअरमध्ये, काटा 40 वर, पाय पूर्ण दाबायचा आणि 60 होईपर्यंतचा वेळ मोबाइलवर मोजायचा. प्रत्येक खुणेवर तीनदा. चढाच्या पायथ्याशी दर वेळी बॉनेट उघडून, बल्ब लावून, डिस्ट्रिब्युटर हलवून पुन्हा. तीन सकाळी गेल्या. अण्णा शेजारी बसत, कानयंत्र काढून खिशात ठेवत आणि तळहात समोरच्या डॅशबोर्डवर टेकवून डोळे मिटत. दुधाचे कॅन घेऊन जाणारा एक गृहस्थ तिसऱ्या दिवशी थांबला आणि म्हणाला, "वकीलसाहेब, गाडी विकायची असली तर सांगा, ट्रायल बघतोय मी रोज."

पुस्तकाच्या खुणेवर चौदा सेकंद लागत होते. पहिल्या रेघेवर तेरा. दुसऱ्या रेघेवर, म्हणजे चार अंश पुढे, बारापेक्षा जरासे जास्त. तिसऱ्या रेघेवर तेवढेच. चौथ्या रेघेवर पुन्हा तेराकडे, शिवाय तापलेले इंजिन सुरू करताना स्टार्टरला उलटा झटका बसू लागला. टायमिंग गरजेपेक्षा पुढे गेल्याची ती जुनी खूण आहे. लाही कुठेच फुटली नाही. काच पूर्ण वेळ खाली होती.

मतभेद झाला तो दुसऱ्या आणि तिसऱ्या रेघेत. अण्णांचे मत तिसरीला. "इथं ओढ चांगली आहे," ते म्हणाले. हातानेच त्यांना ती कळत होती, घड्याळ मी त्यांना दाखवले नव्हते. माझे म्हणणे असे की सेकंद सारखेच लागत असतील तर कमी पुढचे टायमिंग ठेवावे. ताकद तीच, इंजिनावर ताण कमी. शिवाय आम्ही मोजत होतो थंडीत. मे महिन्यात आमच्याकडे पारा 42 च्या पुढे जातो, तेव्हा आत ओढली जाणारी हवाच तापलेली असते आणि नॉकिंगची सीमा अलीकडे सरकते. पंपावर पुढच्या वर्षी कुठले मिश्रण येईल तेही कुणी सांगावे? अण्णांनी हा युक्तिवाद दोनदा माझ्याकडून वदवून घेतला, दुसऱ्या वेळी कानयंत्र लावून. मग म्हणाले, "पुरावा हिवाळ्याचा आहे, एवढं लिहून ठेव."

टायमिंग दुसऱ्या रेघेवर ठेवले. मिस्त्रींनी कार्ब्युरेटरचा मुख्य जेट एक नंबर मोठा टाकला, त्यामुळे प्लगचे टोक पुन्हा चहाच्या रंगावर आले. पेट्रोल पंपातला पडदा आणि रबरी नळ्या इथेनॉलला टिकणाऱ्या घातल्या. जुन्या नळ्या हातात घेतल्या तेव्हा बोटांना काळे लागत होते. मायलेज मात्र पूर्वीइतके आलेले नाही. टायमिंगने जे मिळण्यासारखे होते ते मिळाले, बाकीची घट पेट्रोलची आहे. सकाळी गाडी पहिल्या चावीला सुरू होते. नूतनीकरणाचे दहा हजार भरले. भाऊ अजून नाराज आहे आणि त्याची बाजूही मला अमान्य नाही. पाच वर्षांनी हा हिशेब पुन्हा मांडावा लागेल, आणि तेव्हा डॅशबोर्डवर कोणाचा हात असेल हे त्याच्या आणि माझ्या मनात सारखेच आहे.

पुस्तकाच्या समासात चौथी नोंद मी केली. '2026, वीस टक्के इथेनॉल. चार अंश पुढे. घाटात आवाज नाही, म्हणून सेकंदांवर.' अण्णांनी भिंग लावून ती वाचली, पेन्सिल मागितली आणि शेवटी कंसात लिहिले, 'थंडीत'. वैशाखात तो चढ पुन्हा मोजायचा आहे. या वेळी दुपारी.